बच्छराजांच्या पेढीपासून गोपुरीपर्यंत

चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांत जंगलाविषयीची कोणतीही चर्चा अखेरीस पैशावर येऊन थांबते. सागवानाचा भाव, बांबूचे स्वामित्वशुल्क, तेंदूपानांचा लिलाव, कोळशाखालची जमीन आणि अलीकडे सुरजागडच्या डोंगरातील लोहखनिज हे सारे विषय वरकरणी निसर्गाचे असले तरी त्यांची खरी भाषा हिशेबाची आहे. म्हणूनच, ज्यांनी आयुष्यभर हिशेब केला आणि उत्तरायुष्यात निसर्गाची कड घेतली, अशा धनिकांविषयी येथील माणसाला एक साशंक कुतूहल असते. पश्चिमेकडे अशा धनिकाचे ठळक उदाहरण सर जेम्स गोल्डस्मिथ यांचे आहे. या ब्रिटिश-फ्रेंच वित्तपुरवठादाराने १९८२ मध्ये डायमंड इंटरनॅशनल आणि १९८५ मध्ये क्राउन झेलरबाख या अमेरिकेतील बड्या लाकूड-कागद कंपन्या ताब्यात घेतल्या. कंपनीच्या समभागांच्या भावात तिच्या मालकीच्या वनजमिनीची किंमत पुरती उतरलेली नाही, हे त्यांनी हेरले आणि त्या कंपन्यांचे तुकडे करून त्यांनी प्रचंड नफा कमावला. पुढे ते युरोपीय संसदेचे सदस्य झाले, पर्यावरणाच्या चळवळींना त्यांनी मुक्तहस्ते पैसा दिला, स्वतःचा राजकीय पक्ष काढला आणि १९९७ मध्ये त्यांचे निधन झाले. जंगल विकून मिळवलेल्या पैशाने जंगलाची बाजू मांडणारा हा माणूस ढोंगी होता की पश्चात्तापदग्ध, यावर तिकडे अद्याप वाद आहे.

आपल्याला मात्र इतके दूर जाण्याचे कारण नाही. चंद्रपूरहून रेल्वेने दोन-तीन तासांवर असलेल्या वर्ध्यात याच प्रश्नाचे वेगळे उत्तर देणारा एक सावकारपुत्र होऊन गेला. जमनालाल बजाज हे नाव आज बहुतेकांना दुचाकी वाहनांमुळे ठाऊक असते. वस्तुतः त्या वाहनांचा त्यांच्याशी काडीचाही संबंध नव्हता. तो कारखाना त्यांच्या पश्चात वारसांनी उभारला. जमनालालजींचा स्वतःचा प्रवास पेढीवरून राजकारणात आणि राजकारणातून गाय, गाव व माती यांच्याकडे झाला. पर्यावरण हा शब्द त्यांच्या काळी आजच्या अर्थाने रूढ नव्हता आणि त्यांना त्या शब्दाचे बिरुद लावणे इतिहासाला धरून होणार नाही. परंतु त्यांनी ज्या कामामागे आपली संपत्ती उभी केली, त्या कामातून भारतातील पर्यावरणीय अर्थविचाराची एक मूळ धारा निघाली, हे नाकारता येणार नाही.

त्यांचा जन्म ४ नोव्हेंबर १८८९ रोजी सीकरजवळच्या काशी का बास या राजस्थानातील खेड्यात झाला. घर गरीब होते. वर्ध्याचे धनाढ्य व्यापारी शेठ बच्छराज यांनी या मुलाला लहानपणीच नातू म्हणून दत्तक घेतले. त्या काळचा वर्धा म्हणजे कापसाचे गाव. हिंगणघाटचा कापूस आणि वरोऱ्याचा कोळसा यांसाठी एकोणिसाव्या शतकाच्या सत्तरीच्या दशकात वर्धा खोऱ्यात लोहमार्ग आला आणि या मुलखाची अर्थव्यवस्था मुंबईच्या व त्यामागून लँकेशायरच्या बाजाराला बांधली गेली. कापसाची खरेदी, सरकी काढण्याचे व गठ्ठे दाबण्याचे कारखाने, शेतकऱ्याला हंगामापूर्वी दिलेले कर्ज आणि त्या कर्जापोटी सरकत येणारी मालगुजारीची गावे, अशी त्या पेढ्यांची सर्वसाधारण रचना होती. अर्थशास्त्राच्या पुस्तकात ग्रामीण कर्जबाजारीपणाचे जे प्रकरण असते, त्याची एक बाजू या पेढ्यांच्या वह्यांत लिहिलेली असे. जमनालालजी वाढले ते या वह्यांच्या सावलीत. त्यांचे शालेय शिक्षण जेमतेम झाले आणि पुढचे जे झाले ते गादीवर बसून.

सतराव्या वर्षी एक प्रसंग घडला, त्यावरून या मुलाचा पीळ कळतो. अंगावर दागिने घालून एका लग्नाला जाण्यास त्याने नकार दिला. बच्छराज रागीट होते, आणि त्यांनी संपत्तीवरून त्याला टोचून बोलले. जमनालालने त्यांच्या सर्व संपत्तीवरील हक्क सोडत असल्याचे रीतसर लिहून दिले आणि तो घराबाहेर पडला. पुढे समजूत घालून त्याला परत आणले गेले. १९०७ मध्ये बच्छराज वारले आणि सारा कारभार त्याच्या हाती आला. पण सोडलेली संपत्ती पुन्हा स्वीकारताना ती आपली नव्हे, आपण केवळ तिचे राखणदार आहोत, ही भावना तेव्हापासून त्यांच्या मनात घर करून राहिली. गांधीजींच्या विश्वस्त कल्पनेशी त्यांचा परिचय होण्यापूर्वीची ही गोष्ट आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे. त्याही आधी, खर्चासाठी रोज मिळणाऱ्या एका रुपयातून साठवलेले शंभर रुपये त्यांनी नागपूरहून निघणाऱ्या ‘हिंदी केसरी’ला देऊन टाकले होते. पुढील आयुष्यात त्यांनी लाखांनी दिले, पण या शंभर रुपयांचा आनंद त्यांना अधिक होता असे सांगतात.

सरकारदरबारी त्यांचे वजन लवकर वाढले. तरुण वयातच ते मानद दंडाधिकारी झाले आणि पहिल्या महायुद्धाच्या काळात रायबहादूरही झाले. हा मार्ग तसाच पुढे गेला असता तर वर्ध्याला आणखी एक सरकारमान्य शेठ मिळाला असता, इतकेच. परंतु १९१५ मध्ये गांधीजी आफ्रिकेतून परतले आणि जमनालालजी साबरमतीला जाऊन त्यांचे जगणे न्याहाळू लागले. १९२० च्या नागपूर काँग्रेसच्या स्वागत समितीचे ते अध्यक्ष होते. त्याच अधिवेशनाच्या सुमारास त्यांनी गांधीजींकडे आपल्याला पाचवा पुत्र मानावे, अशी मागणी केली. एकदा दत्तक जाऊन संपत्ती मिळालेल्या माणसाने दुसऱ्यांदा स्वतःहून दत्तक जावे आणि ती संपत्ती नव्या पित्याच्या कामी लावावी, हा योगायोग विलक्षण आहे. १९२१ मध्ये त्यांनी रायबहादुरी परत केली. वकिली सोडणाऱ्यांच्या चरितार्थासाठी एक लाख रुपये दिले. त्याच वर्षी वर्ध्यात सत्याग्रहाश्रम सुरू झाला आणि तो चालविण्यासाठी विनोबा तेथे आले.

काँग्रेसचे कोषाध्यक्षपद त्यांच्याकडे आले ते जवळजवळ जन्मभर राहिले. आपल्या इतिहासलेखनात व्यासपीठावरच्या वक्त्याला जागा मिळते, तुरुंगात गेलेल्याला मिळते, हिशेब ठेवणाऱ्याला मात्र ती क्वचितच मिळते. राष्ट्रीय चळवळ ही अखेर हजारो पूर्णवेळ कार्यकर्त्यांच्या पोटापाण्याची व्यवस्था होती. ती व्यवस्था लावणारा माणूस नसता तर किती आश्रम आणि किती खादीकेंद्रे दुसऱ्या वर्षी बंद पडली असती, याचा विचार व्हावयास हवा. १९२३ मध्ये निघालेला गांधी सेवा संघ आणि १९२५ चा चरखा संघ या दोन्ही संस्थांच्या मुळाशी जमनालालजींची ही व्यवस्थापकबुद्धी होती.

ते केवळ पैसे देऊन बाजूला राहिले नाहीत. १९२३ च्या नागपूरच्या झेंडा सत्याग्रहाचे नेतृत्व त्यांनी केले, त्यांना अठरा महिन्यांची सजा आणि तीन हजार रुपये दंड झाला. दंड न भरल्यामुळे त्यांची मोटार जप्त करण्यात आली, पण नागपुरात ती विकत घ्यावयास कोणी पुढे आले नाही. १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात विलेपार्ल्याच्या छावणीची जबाबदारी त्यांनी उचलली आणि पुन्हा तुरुंग पाहिला. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात विनोबांची गीतेवरील प्रवचने झाली, त्या श्रोत्यांत तेही होते. जुलै १९२८ मध्ये वर्ध्याचे आपल्या घराण्याचे लक्ष्मीनारायण मंदिर त्यांनी अस्पृश्य मानलेल्यांना खुले केले. मंदिरप्रवेशाचे मोठे लढे अन्यत्र गाजत असताना, मालकानेच आपले मंदिर उघडावे ही घटना त्या काळी फार दुर्मिळ होती. तिची किंमत त्यांना आपल्याच समाजाच्या रोषाच्या रूपाने मोजावी लागली.

आता त्यांच्या जीवनातील विसंगतीकडे वळले पाहिजे, कारण चरित्रकार ती बहुधा भक्तिभावाने झाकतात. खादीचा हा कोषाध्यक्ष १९३१ मध्ये संयुक्त प्रांतातील गोलागोकर्णनाथ येथे साखर कारखाना काढतो आणि पुढे मुकुंद आयर्न या लोखंडाच्या कारखान्यात भागीदार होतो. ग्रामोद्योग संघ गुळाचा पुरस्कार करीत असता त्याचा आश्रयदाता साखर काढीत होता, हे सत्य आहे. विश्वस्ताची कल्पना अर्थशास्त्राच्या कसोटीला लावली तर तिची दुबळी बाजू येथेच उघडी पडते. विश्वस्ताला जाब विचारणारा कोण? कायद्याने नेमलेल्या विश्वस्ताला लाभधारक न्यायालयात खेचू शकतो. नीतीने नेमलेल्या विश्वस्तावर त्याच्या स्वतःच्या विवेकाखेरीज कोणाचाच अंकुश नसतो. जमनालालजींचा विवेक कडक होता आणि त्यांच्या रोजनिशीत तो त्यांनाच सतत छळत असे, हे खरे. परंतु एका माणसाच्या अंतर्मनावर समाजाची अर्थव्यवस्था उभी करता येत नाही. त्यांच्यासारखे दुसरे विश्वस्त किती निघाले, या प्रश्नाचे उत्तर आपण सारेच जाणतो.

असे असूनही त्यांच्या दानाला एक वेगळे मोल आहे, आणि ते मगनवाडीकडे पाहिल्यावर कळते. स्वराज्याशिवाय साबरमतीला न परतण्याची प्रतिज्ञा करून बसलेल्या गांधीजींना जमनालालजींनी वर्ध्याला आणले. १९३४ मध्ये अखिल भारतीय ग्रामोद्योग संघाची स्थापना झाली तेव्हा वर्ध्यातील आपली बाग व इमारत त्यांनी संघाला देऊन टाकली, तीच मगनवाडी. १९३६ मध्ये गांधीजी सेगावला राहावयास गेले. त्या गावाची मालगुजारी बव्हंशी जमनालालजींची होती. १९४० मध्ये त्याचेच नाव सेवाग्राम झाले. सावकारी व्यवहारातून पेढ्यांकडे आलेल्या मालगुजारीच्या गावांपैकी एक गाव देशाची नैतिक राजधानी व्हावे, यात एक प्रकारचा हिशेब पुरा झाला असे म्हणावयास हरकत नाही.

मगनवाडीत ग्रामोद्योग संघाचे काम पाहणारे जे. सी. कुमारप्पा हे व्यवसायाने हिशेबतपासनीस आणि कोलंबिया विद्यापीठात सार्वजनिक वित्तव्यवहार शिकलेले अर्थशास्त्रज्ञ. तेथे तेलघाणी, हातसडीचे तांदूळ, मधमाश्या आणि हातकागद यांचे प्रयोग चालत. या प्रयोगांना त्या काळच्या सुशिक्षितांनी भरपूर हसून घेतले. परंतु त्यांच्या मागे जो विचार आकार घेत होता, तो कुमारप्पांनी पुढे तुरुंगात लिहिलेल्या आणि १९४५ मध्ये आलेल्या चिरस्थायी अर्थव्यवस्थेवरील ग्रंथात दिसतो. त्यांनी संपत्तीचे दोन प्रकार केले. एक साठ्याची संपत्ती, म्हणजे कोळसा, तेल, खनिजे. ती वापरली की तितकी कमी होते आणि शिल्लक साठ्यासाठी झगडा सुरू होतो. दुसरी प्रवाहाची संपत्ती, म्हणजे वाहते पाणी, उगवते गवत, वाढते झाड, गुरांची ताकद. ती मर्यादेत वापरली तर दरवर्षी नव्याने मिळते. पश्चिमेत हा भेद चर्चेत आला तो १९७० नंतर. वर्ध्यात तो त्याच्या पाव शतक आधी लिहून झाला होता.

हा भेद आमच्या वर्गात शिकवावयाचा झाल्यास नकाशावर चंद्रपूर दाखविले की पुरते. भूमीखाली साठा आणि भूमीवर प्रवाह, अशी या जिल्ह्याची रचना आहे. वरोऱ्याची कोळसा खाण १९०६ मध्ये संपली, तेव्हा बल्लारपूरची उघडली. त्यानंतर वर्धा नदीच्या खोऱ्यात खाणींची मालिका झाली. ऐंशीच्या दशकात सुरू झालेले औष्णिक वीजकेंद्र आज २९२० मेगावॉट क्षमतेचे आहे आणि त्याची राख कोठे टाकावयाची हा प्रश्न गावांना भेडसावतो. ही झाली साठ्याची बाजू. प्रवाहाची बाजू म्हणजे बांबू. १९४५ मध्ये स्थापन झालेल्या बल्लारपूरच्या कागद गिरणीला या जंगलांतील बांबू दीर्घ मुदतीच्या पट्ट्यांनी मिळाला. दरवर्षी नवे कोंब देणारे हे गवत. परंतु त्याच्या काठीची किंमत सरकार आणि गिरणी यांनी आपसांत ठरवावयाची आणि ज्यांच्या गावाभोवती ते उगवते त्यांनी कापणीची मजुरी घ्यावयाची, अशी व्यवस्था अनेक दशके चालली. प्रवाहाची संपत्तीसुद्धा स्वस्तात मिळाली की तिचा साठ्यासारखा उपसा होतो, ही भर कुमारप्पांच्या विवेचनात गडचिरोलीने घालावयास हवी. मगनवाडीच्या हातकागदाला बल्लारपूरशी स्पर्धा करता आली नाही हे उघड आहे. पण त्या स्पर्धेत गिरणीच्या बांबूचा भाव बाजाराने ठरविलेला नव्हता, हे सांगावयास आपण विसरतो.

१९३८ नंतरची दोन वर्षे जमनालालजींनी जयपूर संस्थानच्या प्रजामंडळाच्या लढ्यात घालविली. तेथे प्रवेशबंदी झाली, ती मोडल्यावर स्थानबद्धता झाली. १९४१ मध्ये वैयक्तिक सत्याग्रहात ते पुन्हा नागपूरच्या तुरुंगात गेले आणि प्रकृती ढासळून बाहेर आले. राजकारणाचा त्यांना वीट आला होता. पुढे काय करावे याचा शोध घेता घेता त्यांनी गोसेवेचे काम निवडले. वर्ध्याजवळ नालवाडीच्या बाजूस गोपुरी वसली. तेथे ते कोट्यधीश शेठजी कुडाच्या झोपडीत राहावयास गेले.

गाईचे नाव घेताच आज वाचकांच्या मनात ज्या घोषणा उमटतात, त्यांच्याशी या कामाचा संबंध जोडणे अन्यायाचे होईल. गोसेवा संघाचा भर कोणाला रोखण्यावर नव्हता, हिशेब सुधारण्यावर होता. गाय शेतकऱ्याला परवडली तरच जगेल, ही त्यांची सरळ धारणा. दुधाचे उत्पन्न वाढावे म्हणून वंशसुधार, वैरणीची तजवीज, शेणामुताचे खत, मेलेल्या जनावराचे कातडे, हाडे आणि शिंगे यांचा पुरता उपयोग, असे ते संपूर्ण चक्र होते. नालवाडीच्या चर्मालयात मृत जनावरांचे कातडे कमावले जाई आणि उच्चवर्णीय कार्यकर्तेही ते काम हाताने करीत. वर्धा परिसराची गवळाऊ ही चपळ, पांढरी जात दुधाला बेताची आणि ओढकामाला उत्तम. तिच्यासारख्या स्थानिक जाती टिकवावयाच्या तर बैल, दूध आणि खत यांची बेरीज एकत्र मांडली पाहिजे. नुसत्या दुधाच्या लिटरवर निर्णय केला तर ती हरणार. आजच्या भाषेत सांगावयाचे तर, वस्तूच्या बाजारभावात न येणारे लाभही हिशेबात धरण्याचा तो प्रयत्न होता.

ब्रह्मपुरी, नागभीड, आरमोरीकडच्या धानपट्ट्यात या प्रश्नाचे दुसरे टोक दिसते. तेथे गुरे पुष्कळ आणि गायरान थोडे. त्यामुळे त्यांचा भार जंगलावर पडतो. कोवळे रोप चरले जाते, गुराख्याची आणि वाघाची गाठ पडते, आणि मग वनखाते व गावकरी एकमेकांसमोर उभे राहतात. वैरणीचा विचार न करता गुरे वाढविणे म्हणजे जंगल खाऊन दूध काढणे होय. गोपुरीत वैरणीला जे महत्त्व दिले गेले, ते नंतरच्या गोभक्तांनी साफ सोडून दिले, याचा फटका आपल्या जंगलांना बसला आहे.

जमनालालजींना या कामासाठी जेमतेम काही महिने मिळाले. १ फेब्रुवारी १९४२ रोजी वर्ध्यात गोसेवा परिषद झाली आणि ११ फेब्रुवारी रोजी मेंदूतील रक्तस्रावाने त्यांचे अकस्मात निधन झाले. वय अवघे बावन्न वर्षांचे होते. गोपुरीतच त्यांच्यावर अंत्यसंस्कार झाले. पत्नी जानकीदेवींनी गोसेवेचे काम पत्करले. विनोबांची भूदान यात्रा सुरू झाल्यावर त्यांनी कूपदानाची मोहीम हाती घेतली. नुसती जमीन मिळून भूमिहीनाचे पोट भरत नाही, तिला विहीर हवी, हे या निरक्षरप्राय बाईंनी अनेक अर्थशास्त्रज्ञांच्या आधी ओळखले. त्यांना १९५६ मध्ये पद्मविभूषण मिळाले.

वर्ध्याचा हा वारसा आमच्या जंगलात आला तो थेट नव्हे, आडवळणाने. सेवाग्रामच्या प्रभावळीत वावरलेले हिंगणघाटचे जमीनदारपुत्र बाबा आमटे वरोऱ्याला आले, तेथून १९७३ मध्ये हेमलकशाला गेले. १९८४ मध्ये इंद्रावतीवरील भोपालपट्टणम आणि गोदावरीवरील इचमपल्ली या धरणांविरुद्ध जंगल बचाव, मानव बचाव आंदोलन उभे राहिले, तेव्हा बाबांच्या सोबत अहेरीच्या राजघराण्याचे राजे विश्वेश्वरराव होते. ते १९७७ मध्ये चंद्रपूरमधून लोकसभेवर निवडून गेले होते. जमनालालजींच्या घराण्याची संपत्ती कापसाची होती. अहेरीच्या जमीनदारीचे वैभव मात्र खुद्द या अरण्याचे होते आणि जमीनदारी निर्मूलनानंतर ते अरण्य सरकारजमा झालेले होते. ज्याच्या पूर्वजांनी जंगलावर सत्ता गाजविली, त्याने आपल्याच माडिया-गोंड प्रजेच्या बरोबरीने धरणाला विरोध करावा, ही घटना सामान्य नव्हे. ती धरणे मागे पडली.

त्याच आंदोलनाच्या मुशीतून धानोरा तालुक्यातील मेंढा लेखा हे गाव घडले. २००९ मध्ये वनहक्क कायद्यान्वये त्याला अठराशेहून अधिक हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला आणि २०११ मध्ये बांबूच्या वाहतूक परवान्यांचे पुस्तक वनखात्याच्या हातून ग्रामसभेच्या हाती आले. बांबूचा लिलाव गावाने स्वतः केला. पैसे ग्रामसभेच्या खात्यात आले. जमनालालजींच्या विश्वस्त कल्पनेत जो जाब विचारणारा नव्हता, तो येथे आहे. हिशेब सभेत वाचला जातो आणि कोणीही उठून प्रश्न करू शकतो. त्याच जिल्ह्यात एटापल्लीकडे सुरजागडचे खनिज मालमोटारींतून बाहेर जात आहे. त्या साठ्याचा हिशेब कोणत्या सभेत वाचला जावा, याचा निर्णय व्हावयाचा आहे.